परळच्या कारखान्यातून दीर्घिकांकडे

आषाढात परळ-लालबागच्या एखाद्या गणपतीच्या कारखान्यात डोकावून बघा. एका कोपऱ्यात साच्यातून नुकतीच निघालेली पांढरी मूर्ती, शेजारी रंगाचा पहिला हात दिलेली, पुढे डोळ्यांची आखणी चाललेली. एकही मूर्ती आपण पहिल्यापासून शेवटपर्यंत घडताना पाहिलेली नसते, तरी पाच मिनिटांत सगळा क्रम ध्यानात येतो.

दीर्घिका, म्हणजे अब्जावधी ताऱ्यांची नि वायूची एकेक वस्ती, कशा घडतात हे शोधणारा खगोलशास्त्रज्ञ हेच करतो. (आपण राहतो त्या दीर्घिकेचं नाव आकाशगंगा.) एक दीर्घिका बदलताना पाहायला आयुष्य पुरत नाही. पण प्रकाशाला यायला वेळ लागतो. शेजारच्या देवयानी दीर्घिकेचा आज दिसणारा प्रकाश तिथून निघून सुमारे २५ लाख वर्षं झाली. जितकं दूर बघावं तितकं जुनं दिसतं. वेगवेगळ्या वयाच्या दीर्घिका मांडायच्या आणि क्रम लावायचा.

आपल्या घरातली मुलगी या वाटेला जायचं म्हणत असेल, तर दहावीनंतर विज्ञान घ्यावं आणि गणित सोडू नये. पहिली गफलत इथेच होते: घरचे ‘खगोलशास्त्राची डिग्री’ शोधत बसतात. पदवी भौतिकशास्त्राची घ्यायची. गिरगाव चौपाटीसमोरचं विल्सन, धोबीतलावचं झेवियर्स किंवा माटुंग्याचं रुईया, कुठलंही चालेल. इंजिनिअरिंगकडूनही रस्ता आहे.

दुसरी गफलत महागडी दुर्बीण. लालबागच्या गच्चीवरून तिच्यातून शनीची कडी छान दिसतील, दीर्घिका मात्र शहराच्या उजेडात बुडालेल्या असतात. आकाश बघायचं तर खगोल मंडळ या संस्थेच्या रात्रीच्या कार्यक्रमाला वांगणीला जावं, आणि दुर्बिणीच्या पैशांत बरा संगणक घ्यावा. या कामात डोळा दुर्बिणीला कमी लागतो, पडद्याला जास्त. म्हणून पदवीच्या वर्षांतच प्रोग्रॅमिंग, निदान पायथन, हाताखालून गेलेलं हवं. (‘मग आमची पत्रिका बघशील का गं?’ हा प्रश्न चाळीत येणारच. हसून सोडून द्यावा.)

पुढे एमएस्सी आणि पीएचडी. कुलाब्याच्या टीआयएफआर या संशोधन संस्थेची स्वतःची प्रवेशपरीक्षा असते, बऱ्याच संस्थांसाठी मिळून ‘जेस्ट’ असते, आणि पुण्याच्या आयुका व एनसीआरए या केंद्रांसाठी ‘इनॅट’. एकाच परीक्षेवर भिस्त ठेवणं महागात पडतं. मुलाखतीत पाठांतराचा उपयोग नाही. न येणाऱ्या प्रश्नाला आपण कुठून हात घालतो, तेच तिथे बघतात. २०२३ पासून सुरुवातीची फेलोशिप महिना ३७,००० रुपये आहे.

मुंबईच्या मुलीला पुण्याला का जावं लागतं? रेडिओ-खगोलशास्त्रज्ञ गोविंद स्वरूप १९६३ साली टीआयएफआरमध्ये आले, १९६५ साली त्यांच्या गटाने लोकलच्या टप्प्यातच, कल्याणला, ३२ छोट्या थाळ्यांची रेडिओ दुर्बीण उभारली, आणि पुढे नारायणगावजवळ खोडदला जीएमआरटी ही मोठी रेडिओ दुर्बीण आली: ४५ मीटर व्यासाच्या ३० थाळ्या, २५ किलोमीटर परिसरात पसरलेल्या. खगोलशास्त्रज्ञ जयंत नारळीकर १९७२ साली केंब्रिजहून कुलाब्याला आले. १९८८ साली पुण्यात आयुका उभी राहिली, तिचे संस्थापक-संचालक नारळीकरच. मुंबईत रुजलेलं काम असं पुण्याकडे सरकलं.

पीएचडीत दुर्बिणीचा वेळ मागावा लागतो. जीएमआरटीसाठी वर्षातून दोनदा प्रस्ताव घेतात. वेळ फुकट असतो, पण मागणारे फार. पहिला प्रस्ताव परत येणं नेहमीचंच. बहुधा कारण एकच: ‘किती तास हवेत’ याचं गणित कच्चं असतं.

वेळ मिळाला तरी हाती येते ती खरखर. मोबाइल नि उपग्रहांचे संदेश हुडकून काढून टाकण्यातच आठवडे जातात. २०२० साली पुण्याच्या आणि बंगळुरूच्या शास्त्रज्ञांनी जीएमआरटीवर दूरच्या दीर्घिकांतला हायड्रोजन वायू मोजला. एकेका दीर्घिकेचा संदेश इतका क्षीण की तो सापडणंच अशक्य. म्हणून ७,६५३ दीर्घिकांचे संदेश एकावर एक रचून त्यांची सरासरी काढली. एकट्याची टाळी रस्त्यापर्यंत येत नाही, शिवाजी मंदिर नाट्यगृह भरलेलं असलं की येते, तसं. या वायूतून तारे ज्या वेगाने जन्मत होते त्या मानाने तो एक-दोन अब्ज वर्षंच पुरला असता. नवा वायू पुरेसा आला नाही, म्हणून पुढे ताऱ्यांचे जन्म मंदावले असावेत, हे त्यातून निघालं.

इथे एक सापळा आहे. कारखान्याच्या ताडपत्रीवरून फक्त उंच मूर्तींचे मुकुट दिसतात. रस्त्यावरच्या माणसाला वाटतं, आत सगळ्याच अठरा फुटी. दूरच्या दीर्घिकांतही तेजस्वी त्याच आधी दिसतात. ही तफावत दुरुस्त करायला विसरलं की क्रम चुकतो, आणि भलेभले विसरतात.

पीएचडीनंतर पोस्टडॉक, म्हणजे दोन-तीन वर्षांची संशोधनाची नेमणूक, बहुधा परदेशात, आणि एक संपली की दुसरी. गिरणगावातल्या जुन्या माणसांना ‘बदली कामगार’ म्हटलं की चटकन कळेल. कायम जागा मिळेपर्यंत तिशी उलटते, आणि जागा थोड्या. पुढची नेमणूक वर्षभर आधी शोधावी लागते, त्यातले बरेचसे अर्ज दिवाळीच्या आगेमागे जातात. तेव्हा सणाला घरी आलेली मुलगी लॅपटॉप उघडून बसलेली दिसली, तर फराळाची बशी तिथेच नेऊन द्यावी.