राष्ट्राध्यक्षांची दुखणी आणि घटनेतली फट

अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांचा इतिहास बहुधा युद्धे, निवडणुका आणि भाषणे यांच्या अंगाने लिहिला जातो. तोच इतिहास त्यांच्या दुखण्यांच्या अंगाने वाचला, तर एक गोष्ट वारंवार आढळते. राष्ट्राध्यक्ष अंथरुणाला खिळतो आणि मग देशाचा कारभार नेमका कोण पाहतो आहे, याचे खरे उत्तर जनतेला मिळत नाही. कधी कधी उपराष्ट्राध्यक्षालाही मिळत नाही. याचे खापर सहसा त्या त्या माणसाच्या सत्तामोहावर किंवा घरच्यांच्या लपवाछपवीवर फोडले जाते. मोह होताच, लपवाछपवीही होती. पण या दोन्हींना वाव करून दिला तो घटनेने, हे पुरावे तपासल्यावर मान्य करावे लागते.

घटनाकारांनी अख्खी कार्यकारी सत्ता एकाच व्यक्तीच्या हाती दिली. ती व्यक्ती मरण पावली, पदच्युत झाली, तिने राजीनामा दिला किंवा ती असमर्थ ठरली, तर तिचे अधिकार उपराष्ट्राध्यक्षाकडे जावेत, असे एकाच दमात लिहून ते मोकळे झाले. असमर्थता म्हणजे काय आणि ती कोणी ठरवायची, हा प्रश्न जॉन डिकिन्सन यांनी १७८७ च्या ऑगस्टमध्ये फिलाडेल्फियाच्या घटनासभेत विचारला होता. त्याला उत्तर मिळाले नाही. पुढे १८४१ मध्ये विल्यम हेन्री हॅरिसन महिन्याभरातच वारले आणि उपराष्ट्राध्यक्ष जॉन टायलर यांनी नुसते अधिकार नव्हे, तर पदच आपले असल्याचे ठासून सांगितले. मृत्यूच्या बाबतीत हे चालून गेले. आजारपणाच्या बाबतीत मात्र त्यातून भलताच पेच उभा राहिला: उपराष्ट्राध्यक्ष एकदा त्या खुर्चीत बसला, की बरा झालेला राष्ट्राध्यक्ष परत कसा येणार? आजार कबूल करणे म्हणजे पदावर पाणी सोडणे, अशी धास्ती त्यामुळे रुजली.

या धास्तीचा पहिला मोठा प्रत्यय १८८१ मध्ये आला. २ जुलैला जेम्स गारफिल्ड यांच्यावर वॉशिंग्टनच्या रेल्वे स्थानकात गोळ्या झाडल्या गेल्या. जखमेत न धुतलेली बोटे घालून गोळी शोधणाऱ्या डॉक्टरांच्या उपचारांखाली ते १९ सप्टेंबरपर्यंत झुंजत राहिले. एवढ्या काळात सरकारचे काम जवळपास ठप्प होते. तरी उपराष्ट्राध्यक्ष चेस्टर आर्थर पुढे झाले नाहीत. मारेकरी चार्ल्स गितो याने आपण आर्थर यांच्याच गटाचे असल्याचे पुकारले होते. अशा वेळी आर्थर यांनी सत्तेला हात घातला असता, तर कटाचा संशय त्यांच्यावर गेला असता. नियमाचा आधार नसल्यामुळे सभ्य माणसाला स्वस्थ बसण्याखेरीज गत्यंतर उरले नाही.

ग्रोव्हर क्लीव्हलँड यांचे प्रकरण याहून बोलके आहे, आणि त्याचा एक धागा मुंबईपर्यंत येतो. २६ जून १८९३ रोजी भारत सरकारने मुंबई आणि कलकत्त्याच्या टांकसाळी खासगी चांदीसाठी बंद केल्या. तोवर कोणीही चांदी देऊन तिचे रुपये पाडून घेऊ शकत असे. चांदीचा भाव गडगडला. अमेरिकेत आधीच बँका बुडत होत्या, आणि सरकारला चांदी विकत घ्यायला लावणारा शर्मन कायदा तिजोरीतले सोने ओढून नेत होता. ३० जूनला क्लीव्हलँड यांनी तो कायदा रद्द करण्यासाठी काँग्रेसचे खास अधिवेशन बोलावले आणि त्याच संध्याकाळी न्यूयॉर्कमध्ये ते एका मित्राच्या ‘ओनायडा’ या नौकेवर चढले. त्यांच्या टाळूवर कर्करोगाची गाठ होती. दुसऱ्या दिवशी, नौका चालू असतानाच, डोलकाठीला टेकवून बांधलेल्या खुर्चीत बसवून डॉ. जोसेफ ब्रायंट आणि सहकाऱ्यांनी त्यांच्या वरच्या जबड्याचा डावा भाग काढला. सगळी शस्त्रक्रिया तोंडातून केली. गालावर व्रण नाही, मिशीला धक्का नाही. पुढे जबड्याच्या पोकळीत रबराचा साचा बसवला आणि आवाजही पूर्ववत झाला. लोकांना सांगितले गेले की साहेबांना संधिवाताचा आणि दातांचा त्रास आहे. ऑगस्टच्या अखेरीस पत्रकार ई. जे. एडवर्ड्स यांनी खरी बातमी छापली, तर त्यांनाच खोटे पाडण्यात आले. शस्त्रक्रियेत सामील असलेले डॉ. विल्यम कीन यांनी १९१७ मध्ये सारे उघड केले, तोवर क्लीव्हलँड यांना जाऊन नऊ वर्षे झाली होती.

या गुप्ततेचे समर्थन करता येते. उपराष्ट्राध्यक्ष ॲडलाय स्टीव्हन्सन चांदीच्या चलनाचा आग्रह धरणाऱ्यांकडे झुकलेले होते; बातमी फुटती, तर बाजार आणखी कोसळला असता आणि कायदा रद्द झाला नसता, असे म्हणता येईल. तो रद्द झालाही, १ नोव्हेंबरला. पण मंदी त्यानंतरही काही वर्षे हटली नाही, आणि सोने टिकवण्यासाठी सरकारला कर्जरोखे काढावे लागले. शिवाय शस्त्रक्रिया फसती, तर ज्या स्टीव्हन्सन यांच्या हाती देश जाणार होता, त्यांना आदल्या दिवशीपर्यंत काहीच ठाऊक नसते. गुपित यशस्वी ठरले ते डॉक्टरांच्या हातगुणाने. त्यावरून गुप्ततेचे धोरण शहाणपणाचे होते, असा निष्कर्ष निघत नाही.

हातगुण कामी आला नाही, तर काय होते हे १९१९ ने दाखवले. राष्ट्रसंघाच्या प्रचारदौऱ्यात वुड्रो विल्सन २५ सप्टेंबरला कोलोरॅडोत कोसळले आणि २ ऑक्टोबरला त्यांच्या डाव्या अंगावरून वारे गेले. पुढचे कित्येक महिने कोणता कागद त्यांच्यापर्यंत न्यायचा, हे पत्नी ईडिथ ठरवत होत्या. परराष्ट्रमंत्री रॉबर्ट लॅन्सिंग यांनी घटनेतल्या त्या कलमाची आठवण काढली, तेव्हा विल्सन यांचे सचिव जोसेफ टमल्टी आणि त्यांचे डॉक्टर केरी ग्रेसन यांनी असमर्थतेचा दाखला द्यायला साफ नकार दिला. लॅन्सिंग यांनी मंत्रिमंडळाच्या बैठका घेऊन कारभार रेटला. त्याचे बक्षीस म्हणून फेब्रुवारी १९२० मध्ये त्यांना राजीनामा द्यावा लागला. राष्ट्रसंघाची तरतूद असलेला तह विरोधी पक्षाचे सिनेटर हेन्री कॅबट लॉज यांच्या अटींसह स्वीकारू नका, असे विल्सन यांनी आपल्या पक्षाच्या सिनेटरांना बजावले. १९ मार्चला सिनेटमध्ये ४९ विरुद्ध ३५ मते पडली. दोन तृतीयांशाला सात कमी. अमेरिका राष्ट्रसंघाबाहेर राहिली.

विल्सन मुळातच हट्टी होते, धडधाकट असते तरी तसेच वागले असते, हा आक्षेप वजनदार आहे. आजारामुळेच तह बुडाला, असे छातीठोकपणे म्हणता येत नाही. पण दौऱ्याला निघण्यापूर्वी याच विल्सन यांनी आपल्या पक्षाचे सिनेटर हिचकॉक यांच्याकडे काही स्पष्टीकरणवजा अटींचा मसुदा देऊन ठेवला होता, म्हणजे तडजोडीची वाट त्यांनी पुरती बंद केलेली नव्हती. आजारानंतर त्यांना मन वळवणारी माणसे भेटेनाशी झाली. निर्णय चूक की बरोबर, याहून गंभीर गोष्ट ही, की तो घ्यायला ते सक्षम आहेत का, हे तपासणारा कोणीच नव्हता.

दुसरा आक्षेप खासगीपणाचा. आजार उघड झाला, तर मतदार दुर्बल समजून नाकारतील, मग रूझवेल्टसारखा नेता देशाला कसा मिळाला असता? इथे दोन गोष्टींची गल्लत होते. फ्रँकलिन रूझवेल्ट यांना पोलिओ झाल्याचे लोकांना माहीत होते. पोलिओग्रस्तांसाठी निधी त्यांच्या वाढदिवसाच्या समारंभांतूनच उभा राहत असे. त्यांच्या पंगूपणाची पूर्ण तीव्रता झाकली जाई हे खरे, पण त्याने त्यांची निर्णयशक्ती उणावली नाही. मार्च १९४४ मध्ये डॉ. हॉवर्ड ब्रुएन यांना आढळलेला उच्च रक्तदाब आणि निकामी होत चाललेले हृदय ही बाब वेगळी होती. तब्येत ठणठणीत असल्याचे त्यांचे डॉक्टर रॉस मॅकिंटायर जनतेला सांगत राहिले, रूझवेल्ट चौथ्यांदा निवडून आले आणि १२ एप्रिल १९४५ रोजी गेले. त्यांच्या जागी आलेले उपराष्ट्राध्यक्ष हॅरी ट्रूमन यांना अणुबॉम्बची सविस्तर माहिती २५ एप्रिलला मिळाली. महायुद्ध ऐन भरात असताना वारसदार अंधारात होता.

खरे सांगितले तर लोक पाठ फिरवतात, हे गृहीतही आयझेनहॉवर यांनी खोटे ठरवले. सप्टेंबर १९५५ मध्ये त्यांना हृदयविकाराचा झटका आला, तेव्हा राष्ट्राध्यक्षांना शौचाला झाल्याची बातमीसुद्धा वार्ताहरांना दिली गेली. सोमवारी शेअर बाजार सहा टक्क्यांहून अधिक घसरला खरा. पण पुढच्याच वर्षी सुमारे ५७ टक्के मते मिळवून ते पुन्हा निवडून आले. शिवाय आपण असमर्थ झालो तर काय करायचे, याचा करार त्यांनी १९५८ मध्ये उपराष्ट्राध्यक्ष निक्सन यांच्याशी लेखी केला. मात्र हा दोन माणसांमधला समजुतीचा मामला होता, कायदा नव्हता.

कायदा आला तो १९६७ च्या पंचविसाव्या घटनादुरुस्तीने. टायलर यांच्यापासूनचा पेच तिने सोडवला: अधिकार तात्पुरते सोपवता येतात आणि परत घेता येतात. २००२ आणि २००७ मध्ये धाकटे बुश आणि २०२१ मध्ये बायडेन यांनी तपासणीपुरते ते सोपवलेही. पण राष्ट्राध्यक्ष स्वतः कबूल करत नसेल, तर उपराष्ट्राध्यक्ष आणि मंत्रिमंडळाचे बहुमत यांनी मिळून त्याला असमर्थ ठरवायचे, हे चौथे कलम आजवर एकदाही वापरले गेलेले नाही. १९८१ मध्ये रेगन गोळी लागून शस्त्रक्रियेच्या टेबलावर होते, तेव्हाही अधिकार सोपवण्याच्या तयार कागदांवर सह्या झाल्या नाहीत. ज्यांनी निवाडा करायचा, ते मंत्री राष्ट्राध्यक्षाच्याच नेमणुकीचे, आणि लॅन्सिंग यांचे काय झाले हे सर्वांना माहीत. याच दुरुस्तीत काँग्रेसला मंत्रिमंडळाऐवजी दुसरे मंडळ नेमण्याची मुभा आहे. ती आजवर वापरलेली नाही. डिकिन्सन यांच्या प्रश्नाचा अर्धा भाग सुटला आहे. कोणी ठरवायचे हे आता लिहिलेले आहे. ठरवणाऱ्याला निर्भयपणे ठरवता येईल अशी जागा मात्र अजून कोणी निर्माण केलेली नाही, आणि ती होईपर्यंत राष्ट्राध्यक्षाच्या प्रकृतीचा शेवटचा शब्द त्याच्या घरच्यांचा आणि डॉक्टरांचाच राहणार.