एकावर तरी सहा

शक्यतांचं गणित : लेखांक ४

मागच्या लेखात आपण दोन फाशांची सगळी दानं एका चौकटीत मांडली. एक फासा लाल, दुसरा पांढरा. लालच्या सहा आकड्यांच्या सहा आडव्या ओळी, पांढऱ्याच्या सहा आकड्यांचे सहा उभे स्तंभ, मिळून घरं ३६. प्रत्येक घरात एक जोडी; पहिला आकडा लालचा, दुसरा पांढऱ्याचा. फासे खोटे नसतील तर ३६ पैकी कोणतीही जोडी पडण्याची शक्यता सारखीच. हा आपला नमुना अवकाश. चौकट वहीत काढली नसेल तर आधी काढा, कारण आजचा लेख तिच्यावर बोट ठेवतच वाचायचा आहे.

घटना म्हणजे या चौकटीतली काही घरं. ‘बेरीज ७’ ही घटना घेतली, तर (१,६), (२,५), (३,४), (४,३), (५,२), (६,१) अशी सहा घरांची तिरकी रांग मिळते, संभाव्यता ६/३६. इथवर कुणाचं अडत नाही. अडतं ते दोन घटना जोडताना.

बारा नव्हे, अकरा

दोन्ही फासे टाकले. एकावर तरी सहा पडण्याची संभाव्यता किती? वर्गात विचारलं की चटकन उत्तर येतं : लालवर सहा पडण्याची ६/३६, पांढऱ्यावर ६/३६, मिळून १२/३६. आता पेन्सिल घ्या. लालवर सहा म्हणजे सगळ्यांत खालची ओळ, (६,१) पासून (६,६) पर्यंत. ती रंगवा. पांढऱ्यावर सहा म्हणजे उजवीकडचा शेवटचा स्तंभ, (१,६) पासून (६,६) पर्यंत. तोही रंगवा आणि रंगलेली घरं मोजा. ती अकराच भरतात. कोपऱ्यातलं (६,६) ओळीतही आहे आणि स्तंभातही. बेरीज करताना ते दोनदा धरलं गेलं. म्हणून ६ + ६ − १ = ११, आणि संभाव्यता ११/३६.

पुढच्या इयत्तांत हेच सूत्र म्हणून भेटतं : पहिल्या घटनेची संभाव्यता अधिक दुसरीची, वजा दोन्ही एकदम घडण्याची. अनेक मुलं ते पाठ करतात आणि परीक्षेत वजाबाकी विसरतात. वजाबाकी कोणत्या घराची आहे हे ज्यानं एकदा स्वतः रंगवून पाहिलं, त्याला सूत्र पाठ करावं लागत नाही. नववीत शिकलेले संयोग संच आणि छेद संच ते हेच : ‘किंवा’ म्हणजे दोन्ही संचांतली मिळून सगळी घरं, ‘आणि’ म्हणजे सामाईक घरं. गणितातल्या ‘किंवा’मध्ये दोन्ही घडलेलंही चालतं, हे मात्र पक्कं ध्यानात ठेवायचं.

आणखी एक करून पाहू. ‘एकावर तरी सहा, किंवा बेरीज १० वा जास्त.’ पहिलीची घरं ११. दुसरीची सहा : (४,६), (५,५), (६,४), (५,६), (६,५), (६,६). या सहांपैकी (५,५) सोडून बाकी पाचांत सहा आहेच, म्हणजे सामाईक घरं पाच. ११ + ६ − ५ = १२. दुसऱ्या घटनेनं खरी भर घातली ती फक्त (५,५) ची. उलट ‘बेरीज ७ किंवा बेरीज ११’ असं म्हटलं, तर दोन्ही बेरजा एका दानात येणं शक्यच नाही. सामाईक घर नाही, म्हणून इथे ६ + २ = ८ ही सरळ बेरीज बरोबर.

तरी, फक्त, जास्तीत जास्त

घटनेचं वर्णन नीट वाचणं हे निम्मं गणित आहे. ‘एकावर तरी सहा’ : घरं ११. ‘फक्त एकावर सहा’ : (६,६) गळलं, घरं १०. ‘जास्तीत जास्त एकावर सहा’ : (६,६) सोडून सगळी, घरं ३५. ‘दोन्हींवर सहा’ : घर एक. ‘एकावरही नाही’ : घरं २५. फासे तेच, आकडाही तोच, तरी संभाव्यता १/३६ पासून ३५/३६ पर्यंत कुठेही जाते. म्हणून हिशेबाला बसण्याआधी ‘यात (६,६) धरायचं का?’ असा एखादा प्रश्न स्वतःला विचारण्याची सवय लावून घ्यावी.

‘नाही’ची ताकद

‘एकावर तरी’ याच्या नेमकी उलट घटना ‘एकावरही नाही’. तिला पूरक घटना म्हणतात. एकावरही सहा नको असेल तर लालवर पाच आकडे चालतात आणि पांढऱ्यावरही पाच, म्हणून घरं ५ × ५ = २५. मग ३६ − २५ = ११. उत्तर तेच. दोन फाशांना हा आडवळणाचा मार्ग वाटेल. चार फाशांना तोच जवळचा ठरतो.

लुडोत सहाचं दान पडल्याशिवाय सोंगटी सुटत नाही. पहिल्या चार डावांत ती सुटण्याची संभाव्यता किती? चार वेळा १/६ घेऊन बेरीज केली तर ४/६ येतात. पण याच रीतीनं सहा डावांत ६/६ येतील, म्हणजे सोंगटी सुटणारच! तसं होत नाही, हे लुडो खेळलेला कुणीही सांगेल. एकाहून जास्त वेळा सहा पडलेली दानं इथे पुन्हा पुन्हा मोजली गेली आहेत. आता ‘नाही’कडून जाऊ. चार डावांची दानं एकंदर ६ × ६ × ६ × ६ = १२९६. एकदाही सहा नसलेली ५ × ५ × ५ × ५ = ६२५. उरलेल्या ६७१ मध्ये एकदा तरी सहा आहे. संभाव्यता ६७१/१२९६, म्हणजे जवळपास ५१.८ टक्के.

६७१ आणि ६२५ हे आकडे ब्लेझ पास्कालनं २९ जुलै १६५४ रोजी पिएर द फर्माला लिहिलेल्या पत्रात आहेत. शेव्हालिए द मेरे या फ्रेंच गृहस्थाला पडलेलं कोडं त्यात आलं आहे. एका फाशाला सहा बाजू आणि चार डाव पुरतात. दोन फाशांच्या जोड्या ३६, म्हणजे त्याच प्रमाणात दुहेरी सहासाठी २४ डाव पुरायला हवेत, असा द मेरेचा हिशेब. तो चुकतो. २४ डावांत एकदाही दुहेरी सहा न पडण्याची संभाव्यता ३५/३६ चा २४ वेळा गुणाकार, म्हणजे सुमारे ५०.९ टक्के. पडण्याची उरते ४९.१. पारडं आपल्या बाजूला झुकायला आणखी एक, पंचविसावा डाव लागतो. पास्काल आणि फर्मा यांच्या त्या उन्हाळ्यातल्या पत्रव्यवहारातून संभाव्यतेच्या शास्त्राचा पाया घातला गेला.

या आठवड्याचा अभ्यास

१. ‘बेरीज सम, किंवा लालवर सहा’ या घटनेची घरं मोजा. आधी रंगवून, मग सूत्रानं.

२. ‘बेरीज १० पेक्षा कमी, आणि एकाही फाशावर सहा नाही.’ ही घटना वरच्या एका उदाहरणाची पूरक आहे. कोणत्या, ते शोधा.

३. तीन फाशांवर ९ ही बेरीज आकड्यांच्या सहा गटांतून येते आणि १० देखील सहाच गटांतून. तरी जुगाऱ्यांना १० जास्त वेळा दिसायचे. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला गॅलिलिओनं याचं कारण दाखवलं : २१६ दानांपैकी ९ ची २५ आणि १० ची २७. फाशांना तीन रंग द्या आणि पडताळून पाहा. (३,३,३) कडे विशेष लक्ष असू द्या.

पुढच्या लेखात एक नवा प्रश्न घेऊ. फासे झाकलेले आहेत आणि कुणीतरी सांगितलं, ‘एकावर तरी सहा आहे.’ आता दुसऱ्यावरही सहा असण्याची संभाव्यता किती? अकरा घरं तुमच्याकडे रंगवलेली आहेतच. विचार सुरू करायला ती पुरेशी आहेत.