बाटलीतला सॉस, वहिनीच्या कढईत

बाटलीबंद पास्ता सॉस शिजवलेला असतो, पण परतलेला नसतो. भोरला वहिनीच्या ओट्याशी उभं राहून तिचा स्वयंपाक बघताना हे मला नीट उमगलं. तेव्हापासून पास्त्याला ‘झटपट काहीतरी’ म्हणून मी बाजूला सारत नाही.

वहिनी शिरवळच्या एका कंपनीत कामाला जाते. नीरा ओलांडली की पलीकडे सातारा जिल्हा, तिथे तिचा कारखाना. भोरच्या आणि आसपासच्या गावांतल्या कितीतरी बायका रोज अशाच जातात-येतात. घरी पोचेपर्यंत सात वाजून गेलेले असतात. हातपाय धुऊन, देवापाशी दिवा लावून ती ओट्याकडे वळते, तोवर मुलांना भूक लागलेली असते. “ताई, भाकरी-कालवणाला तास जातो, याला अर्धा तास पुरतो,” ती म्हणाली. “पण नुसता सॉस ओतून दिला ना, तर दोन घास खाऊन उठतात.” तिची सगळी खटपट त्या दोन घासांच्या पुढचं ताट संपावं यासाठी असते.

भोरच्या बाजारपेठेतल्या किराणा दुकानांत आता शेवयांच्या शेजारी पास्त्याची पाकिटं आणि सॉसच्या बाटल्या दिसतात. कस्टर्ड पावडरमुळे घरोघरी पोचलेली, १९५६ साली पुण्यात सुरू झालेली वीकफील्ड पास्ताही बनवते, तेव्हा हा पदार्थ काही फार लांबचा राहिलेला नाही. वहिनी बाटली उचलते ती उलटी करून, मागचं लेबल वाचायला. नियमाप्रमाणे घटक वजनाच्या उतरत्या क्रमाने छापावे लागतात. टोमॅटो किंवा टोमॅटो पेस्ट आधी आणि साखर बरीच खाली असेल तर बाटली टोपलीत जाते. पाणी, साखर, स्टार्च असा क्रम असेल तर परत फळीवर. केचपची बाटली या कामाची नाही. त्यात साखर आणि व्हिनेगर इतकं असतं की पुढे काहीही केलं तरी ती गोडसर आंबट चव हटत नाही. पास्त्याच्या पाकिटावर ती ‘ड्युरम व्हीट’ शोधते. आपल्याकडचा बन्सी गहू याच जातीचा. हा कडक गहू शिजल्यावरही चावायला लागतो. मैद्याच्या पास्त्याचा मात्र कढईत फिरवताना लगदा होतो.

सॉसमध्ये कमी काय असतं, हे कळायला तो होतो कसा ते पाहावं लागतं. ताज्या टोमॅटोत साधारण चौऱ्याण्णव-पंचाण्णव टक्के पाणी. ते आटवून पेस्ट करतात, पुढे पेस्टमध्ये पाणी, मीठ, साखर, तेल मिसळून सॉस बनतो. आटवताना पाण्याबरोबर टोमॅटोचा ताजा वासही उडून जातो. टिकावा म्हणून त्यात सायट्रिक आम्ल घालतात, त्याने जिभेवर एक टोकदार आंबटपणा येतो. दाटपणासाठी स्टार्च असतो. कारखान्यातल्या पातेल्यात पाणी भरपूर, म्हणून तिथे सॉस उकळतो, खरपूस होत नाही. म्हणजे बाटलीत टोमॅटो आहे, पण त्याचा ताजेपणा नाही आणि परतल्याचा स्वादही नाही. या दोन्ही गोष्टी अर्ध्या तासात घरी घालता येतात.

वहिनी आधी एका शेगडीवर पास्त्याचं पाणी ठेवते. पाकिटावर लिहिलेलं असतं त्याहून थोडं कमीच. मीठही बेताचं, कारण सॉस मुळात खारट असतो. पाणी कमी म्हणजे त्यात उतरणारा पिठूळपणा दाट, आणि तो पुढे लागतो. दुसऱ्या शेगडीवर जाड बुडाची स्टीलची कढई. लोखंडी कढई तिच्याकडे आहे, भाजीला ती तीच वापरते, पण टोमॅटोच्या आंबटाने लोखंड विरघळून रस्सा काळवंडतो आणि धातूची चव येते, म्हणून या कामाला नाही.

कढईत तीन चमचे तेल, त्यात बारीक चिरलेला मोठा कांदा, चिमूटभर मीठ आणि किसलेलं अर्धं गाजर. इथे ती घाई करत नाही. मंद आचेवर आठ-दहा मिनिटं, कांदा काचेसारखा होऊन कडेला सोनेरी दिसेपर्यंत. लसूण उशिरा, कारण तो लवकर करपतो आणि करपलेला लसूण सगळ्या कढईला कडू करतो. ठेचून नाही, पातळ काप करून. सुकी लाल मिरची कुस्करून नखभर.

आता बाटली. संपूर्ण सॉस ती या कांद्यात ओतते आणि परतायला लागते. आधी तो नुसता फदफदतो, शिंतोडे उडतात. मग पाणी आटतं, रंग गडद होतो, उलथन्याने मधे रेघ ओढली की बूड क्षणभर उघडं राहतं. सहा-सात मिनिटांनी कडेला तेलाची लालसर किनार दिसते. कांदा-खोबऱ्याच्या वाटणाला आपण तेल सुटेपर्यंत थांबतो, तसंच इथेही. पाणी असतं तोवर कढईतला सॉस उकळबिंदूच्या वर तापत नाही. ते उडालं की उष्णता वाढते, टोमॅटोतली साखर आणि प्रथिनं तपकिरी होऊ लागतात, कच्चा डबाबंद वास जातो. या सबंध कृतीतली माझ्या मते सर्वांत महत्त्वाची मिनिटं हीच, आणि बहुतेक घरांत नेमकी हीच गाळली जातात. सॉस फक्त गरम केला जातो.

त्यानंतर ती रिकाम्या बाटलीत पास्त्याचं गरम पाणी थोडं-थोडं घालते, झाकण लावायच्या आधी कोमट होऊ देते, हलवते आणि ते धुवणही कढईत ओतते. पास्ता पुरता शिजायला दोन मिनिटं असतानाच झाऱ्याने उचलून थेट कढईत. वर आणखी वाटीभर पाणी आणि मोठी आच. पाण्यात उतरलेला स्टार्च तेल आणि टोमॅटोचा रस एकमेकांत धरून ठेवतो, त्यामुळे सॉस पास्त्याला चिकटून बसतो, ताटाच्या तळाला पाणी सुटत नाही. गाळलेलं पाणी मोरीत ओतून द्यायचं आणि मग सॉस कोरडा झाला म्हणायचं, हे तिला अजिबात पटत नाही.

ताजेपणासाठी शेवटी एक पिकलेला टोमॅटो, बियांसकट चिरून, मिनिटभरच. बियांभोवतीचा बुळबुळीत गर टाकून द्यायचा नाही. मांसल भागापेक्षा त्यातच चवदार ग्लुटामेट जास्त असतं. आणि पाला. इटलीतली बेसिल म्हणजे आपल्या फालुद्यातल्या सब्जाचंच झाड, अंगणातली तुळस वेगळी, तिचा लवंगी उग्रपणा इथे जुळत नाही. सब्जाचं बी कुंडीत टाकलं की रोपं येतात. वहिनीच्या दारात मात्र पानओवा आहे, मुलांना खोकला झाला की काढ्यासाठी लावलेला. त्याची दोन पानं बारीक चिरून ती घालते, आणि घरभर पिझ्झाचा वास सुटतो. यात नवल नाही. ओरेगॅनोला वास देणारी कार्व्हाक्रोल आणि थायमॉल ही द्रव्यं पानओव्यातही असतात, आणि आपल्या साध्या ओव्यात थायमॉल भरपूर. ओरेगॅनोची पुडी नसेल तर चिमूटभर ओवा तळहातावर चोळून गरम तेलात टाकावा. चिमूटभरच.

सॉस फार आंबट लागला तर आपला हात साखरेकडे जातो. साखर तर त्यात आधीच असते, वर आणखी घातली की केचप तयार. त्याऐवजी नखावर मावेल एवढा खाण्याचा सोडा घालून ढवळावं. फेस येतो, बसतो, आणि आंबटपणा खरोखरच कमी झालेला असतो, कारण सोड्याने आम्लच मारलेलं असतं. जास्त पडला तर साबणासारखी चव येते, म्हणून अर्धी चिमूट, चव बघून मग पुढची. दुसरा उपाय स्निग्धतेचा. मार्चेला हाझान या इटालियन लेखिकेचा जगभर गाजलेला सॉस म्हणजे टोमॅटो, मधोमध दोन तुकडे केलेला कांदा आणि भरपूर लोणी, एवढंच. डब्यातल्या टोमॅटोनेही तो उत्तम होतो. भोर-वेल्ह्यात म्हशीचं दूध घरोघर, त्यामुळे विकतच्या क्रीमची गरजच काय? घरचं लोणी चमचाभर, किंवा दाट साय फेटून. साय मात्र गॅस बंद केल्यावर. उकळत्या आंबटात ती फाटते.

वेल्ह्यात, म्हणजे आताच्या राजगड तालुक्यात, तोरण्याच्या पायथ्याच्या एका घरी मी याच बाटलीचा वेगळा अवतार पाहिला. हा भाताचा मुलूख. घरात इंद्रायणी तांदूळ आणि तांदळाची भाकरी. पास्ता संपलेला, सॉस उरलेला. त्या घरच्या काकूंनी आठवडी बाजारातला मूठभर जवळा कोरडा भाजला, चुरला, कांद्याबरोबर तेलात परतला आणि मग सॉस घातला. इटलीत खारवलेले अँकोव्ही मासे तेलात विरघळवून सॉसला जी खोली आणतात, तीच इथे सुकट आणते. वरंधा घाट उतरला की महाड आणि कोकण, तेव्हा या भागाच्या स्वयंपाकघराला सुकी मासळी कधीच परकी नव्हती. शेवटी सॉसमध्ये खळगे करून त्यांनी अंडी फोडली, झाकण ठेवलं. भाकरीबरोबर ते जेवण मला पास्त्यापेक्षा सरस वाटलं, आणि हे मी मनापासून लिहिते आहे.

बाटली घरात असावी ती मुख्यतः पावसाळ्यासाठी. जुलै २०२३ मध्ये टोमॅटो किलोला शंभर रुपयांच्या पुढे गेला होता, आणि घाटमाथ्याच्या पावसात आणलेला टोमॅटो टिकतही नाही. नारायणगावच्या बाजारात माल ओसंडून वाहतो, भाव पडतात, तेव्हा मात्र बाटली फळीवरच राहू द्यावी आणि ताज्या टोमॅटोचा सॉस करावा. त्याची बरोबरी कुठलीही बाटली करू शकत नाही, आणि शेतकऱ्याच्या हातात चार पैसे तरी पडतात.

एक गोष्ट जरूर पाळा. झाकण उघडलेली बाटली फ्रिजमध्येच ठेवायची आणि लेबलावर दिलेल्या दिवसांत संपवायची. पावसात तुमच्याकडे वीज तासन्‌तास जात असेल, तर मोठी बाटली स्वस्त पडते म्हणून घेऊ नका. एका जेवणात संपेल एवढी लहानच घ्या.