भरून आलेल्या हाडाची कैफियत

मांडीच्या हाडाचा गोल माथा कटीच्या अस्थीतील खोबणीत जेथे बसतो, त्या खुब्याच्या सांध्यावर उभ्या शरीराचा भार असतो. परंतु त्या माथ्याला रक्त पुरविणाऱ्या बहुतेक सूक्ष्म वाहिन्या हाडाच्या मानेला बिलगून वर चढतात, आणि म्हणून ही मान मोडली की हाडाबरोबर पुष्कळदा त्या वाहिन्याही तुटतात. शस्त्रवैद्याने स्क्रू घालून हाड सांधावे, ते यथाकाल जुळूनही यावे, रोग्याने काठी टाकून चालू लागावे, आणि दीडदोन वर्षांनी, कधी त्याहूनही उशिरा, रक्तावाचून मृत झालेला तो माथा खचू लागावा, हा अनुभव अस्थिवैद्यांना अपरिचित नाही. निखळलेला सांधा तातडीने बसविला तरी आतल्या कूर्चेला झालेली इजा पुढे झिजेच्या रूपाने प्रकट होऊ शकते. हाड आखूड जुळले तर पाय तोकडा पडतो. आणि मोटारीच्या धडकेत गुडघा पुढल्या फळीवर आपटून माथा मागे निखळला, तर तेथून जाणारा मोठा मज्जातंतू कधी कधी दुखावतो आणि पाऊल उचलेनासे होते.

यांतल्या कित्येक व्यथा मूळ अपघातापासून इतक्या दूर उद्भवतात, की तोवर गाव बदललेले असते, इस्पितळ बदललेले असते, डॉक्टरही बदललेला असतो; आणि नव्या डॉक्टरपुढे ‘खुबा दुखतो’ एवढीच तक्रार मांडली गेली, तर आजचे दुखणे आणि पूर्वीचा अपघात यांना जोडणारा दुवा दफ्तरातून नाहीसा होतो. हा दुवा जपण्याची जी व्यवस्था जागतिक वैद्यकाने केली आहे, तिचा परिचय सामान्य वाचकाला क्वचितच होतो.

ती व्यवस्था म्हणजे आजारांची आंतरराष्ट्रीय वर्गवारी; तिचा पाया १८९३ साली झाक बेर्तियों या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने मांडलेल्या मृत्युकारणांच्या यादीने घातला गेला. तिची दहावी आवृत्ती, म्हणजे आयसीडी-१०, जागतिक आरोग्य सभेने १९९० साली संमत केली. अकरावी २०२२ च्या आरंभापासून अमलात आली असली, तरी दफ्तरांतून दहावीचा वापर अजून विस्तृत आहे. या वर्गवारीत ताज्या दुखापतींचे संकेतांक निराळे आणि त्यांच्या उत्तरपरिणामांचे निराळे आहेत. मांडीच्या हाडाच्या मानेचा ताजा अस्थिभंग एस ७२.० या सदरात जातो, तर मांडीच्या अस्थिभंगाचा उत्तरपरिणाम टी ९३.१ मध्ये आणि सांधा निखळल्याचा टी ९३.३ मध्ये; वाहन-अपघात हे मूळ कारण असल्यास त्याच्या उत्तरपरिणामासाठी वाय ८५ हे सदर आहे. डॉक्टरने ‘उत्तरपरिणाम’ असे स्पष्ट म्हटलेले असेल, किंवा दुखापतीनंतर एक वर्ष वा अधिक काळ लोटूनही जी विकृती टिकून असेल, ती या सदरांत यावी, असा दंडक आहे.

अमेरिकेने २०१५ च्या १ ऑक्टोबरपासून आपल्या देशापुरती जी विस्तारित आवृत्ती लागू केली, तिचा शिरस्ता थोडा वेगळा आहे. आणि पुणे, नवी मुंबई, हैदराबाद, चेन्नई येथील हजारो तरुण तिकडच्या रुग्णालयांसाठी हे संकेतांक लावण्याचे, म्हणजे कोडिंगचे, काम करीत असल्यामुळे तो मराठी घरांतही पोहोचला आहे. तेथे मूळ दुखापतीचाच संकेतांक कायम राहतो, फक्त त्याचे सातवे अक्षर बदलते: सक्रिय उपचार चालू असता ए, हाड नीट भरून येत असता डी, न जुळल्यास के, वाकडे जुळल्यास पी, आणि तीव्र अवस्था संपून मागे परिणाम उरल्यास एस. मुदतीचे बंधन नाही. वीस वर्षांपूर्वीच्या अस्थिभंगालाही हे अक्षर लागते. बरे होण्याच्या काळातील तपासणीला एस लावणे ही नवख्यांची नेहमीची चूक, कारण अजून भरत असलेल्या हाडाचा परिणाम ‘मागे उरला’ असे म्हणता येत नाही. दुसरी चूक सदराची: ज्या खोबणीत माथा फिरतो ती मोडली, तर लोक ‘खुबा मोडला’ असेच म्हणतात, पण वर्गवारीत ती कटीच्या अस्थींत मोडते आणि एस ३२ मध्ये जाते.

क्रमाचा नियम मात्र दोन्हीकडे सारखा आहे, आणि माझ्या मते या शास्त्रातील सर्वांत विचारपूर्ण नियम तोच होय. प्रथम रोग्याला आज जे भोगावे लागत आहे ते लिहावयाचे, त्यानंतर ते ज्यातून उद्भवले ते. उजव्या खुब्याच्या जुन्या अस्थिभंगामुळे संधिवात झाला असेल, तर अमेरिकी पद्धतीत आधी एम १६.५१ हा आघातोत्तर संधिवाताचा संकेतांक येतो आणि मागून एस ७२.००१ ला एस हे अक्षर जोडलेला मूळ अस्थिभंग.

परंतु ही जोडी लावण्याचा अधिकार कोडरला नाही. कागदांत कितीही उघड दिसत असले, तरी ‘हा संधिवात त्या अस्थिभंगामुळे झाला’ हे विधान डॉक्टरच्या लेखणीतूनच यावे लागते. ते नसेल तर कोडरने विचारणा करावी, तर्क लढवू नये. डॉक्टरने नुसते ‘खुब्याचा संधिवात’ लिहून विषय संपविला, तर आंतरराष्ट्रीय वर्गवारीत तो एम १६.९ या कारण न सांगणाऱ्या सदरात पडतो, आणि त्या माणसाच्या अपघाताची साक्ष दफ्तरातून पुसली जाते. धावपळीत गाळलेल्या त्या चार शब्दांची किंमत रोग्याला मोजावी लागते, आणि म्हणून हा प्रमाद मला क्षुल्लक वाटत नाही.

आपल्याकडील मोटार अपघात दावा न्यायाधिकरण संकेतांकावरून निकाल देत नाही. तेथे डॉक्टरची जबानी आणि दस्तऐवज पाहिले जातात. पण सिद्ध करावयाचा तो आजचे दुखणे आणि अपघात यांतील हाच दुवा. त्यानंतर येतो भरपाईचा प्रश्न. सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली अशा एका दाव्यात स्पष्ट केले, की एखाद्या अवयवाचे अपंगत्व म्हणजे सबंध देहाचे अपंगत्व नव्हे, आणि अपंगत्वाची टक्केवारी म्हणजे कमाईतील घट नव्हे. त्या माणसाचा व्यवसाय कोणता आणि त्यातले कोणते काम त्याला आता करता येत नाही, हे पाहिले पाहिजे. खुबा ताठरलेल्या कारकुनाला खुर्चीवर बसून चरितार्थ चालविता येईल; खुरपणीला जाणाऱ्या बाईची मजुरी मात्र उकिडवे बसता येण्यावरच अवलंबून असते. आयसीडी-१० मध्ये या असमर्थतेला स्वतंत्र जागा नाही. जागतिक आरोग्य संघटनेने २००१ साली मान्य केलेल्या कार्यक्षमतेच्या वर्गवारीत मात्र उकिडवे बसण्याला डी ४१०१ असा स्वतंत्र संकेतांक आहे, आणि ज्या समाजाची शेती, स्वयंपाक व प्रातर्विधी या बैठकीवर चालत आले, त्या समाजाच्या इस्पितळांत तो अधिक वापरला जावा असे मला कळकळीने वाटते.

वाचकांना विनंती इतकीच, की खुब्याला मार लागून इस्पितळात राहावे लागले असेल, तर तेथून मिळालेले डिस्चार्ज कार्ड, शस्त्रक्रियेचा तपशील आणि एक्स-रे, हाड जुळल्यावरही टाकून देऊ नका. पुढे कधी त्याच खुब्यासाठी डॉक्टरकडे जाल तेव्हा ते कागद बरोबर न्या, अपघाताची तारीख सांगा, आणि आजच्या दुखण्याचा त्या जुन्या दुखापतीशी संबंध आहे असे डॉक्टरांचे मत असेल, तर ते केसपेपरवर शब्दांत लिहून घ्या.