ओव्हरराइडचा नॉब

भोसरी एमआयडीसी पाहायची तर गुरुवारी जाऊ नये. विजेचा भार वाटून घ्यायला म्हणून कधीकाळी ठरलेली गुरुवारची सुट्टी त्या पट्ट्याच्या अंगवळणी पडली आहे. एरवी कुठल्याही गल्लीत शिरलं, की अर्ध्या वर केलेल्या शटरमागे दोन-तीन सीएनसी यंत्रं चालू दिसतात. दारात टेम्पो, टेम्पोत कास्टिंगचे क्रेट. आत कूलंटचा ओशट वास, प्रत्येक यंत्राशेजारी स्टॅबिलायझर. गाळ्याचा मालक बऱ्याचदा स्वतःच सेटर असतो आणि संध्याकाळी स्वतःच कोटेशन टाइप करत बसतो. मोठ्या कंपन्यांसाठी लागणाऱ्या पुल्या, फ्लँज, हाउसिंग असल्या गाळ्यांतून जॉबवर्कवर तयार होतात.

या यंत्राच्या कंट्रोल पॅनेलवर स्क्रीन असतो, अक्षरांची आणि आकड्यांची बटणं असतात, लाल रंगाचं इमर्जन्सी बटण असतं आणि एक गोल नॉब असतो. नॉबभोवती शून्यापासून बहुधा दीडशेपर्यंत टक्के लिहिलेले. काटा शंभरावर असला की प्रोग्रॅममध्ये दिलेल्या वेगानं टूल जॉबमध्ये शिरतं. साठावर आणला की सावकाश, शून्यावर आणला की जागच्या जागी थांबतं. याचं नाव फीड ओव्हरराइड. बाकी सगळं आकड्यांनी आधीच ठरवून दिलेल्या या यंत्रात, समोर उभ्या असलेल्या माणसाच्या मताला जागा देणाऱ्या ज्या मोजक्या गोष्टी आहेत, त्यांतली ही सर्वांत हाताशी असलेली. स्मार्ट कारखान्याबद्दल बोलताना लोक क्लाउड आणि एआयपासून सुरुवात करतात. मला ती या नॉबपासून करावीशी वाटते.

यंत्राला आकडे शिकवण्याची कल्पना जॉन पार्सन्स या अमेरिकन कारखानदाराची. मिशिगनमधल्या ट्रॅव्हर्स सिटीत त्याची कंपनी हेलिकॉप्टरची पाती बनवत असे. पात्याची वक्ररेषा कापायला आधी तिचा साचा लागतो आणि तो साचा कारागीर मोजक्या बिंदूंवरून, मधला भाग नजरेनं जुळवत घासून काढत. पार्सन्स आणि त्याचा इंजिनिअर फ्रँक स्टुलेन यांनी आयबीएमची कार्डांवर हिशेब करणारी यंत्रं वापरून त्या रेषेवरचे कितीतरी जास्त बिंदू काढले. मग मिलिंग यंत्रावर माणसं उभी केली. एकानं यादीतला आकडा वाचायचा, दुसऱ्यानं एका दिशेचं चाक त्या आकड्यावर आणायचं, तिसऱ्यानं दुसऱ्या दिशेचं. चाकं फिरवणाऱ्यांना रेषा कशी दिसते याच्याशी देणंघेणं नव्हतं. पार्सन्सच्या डोक्यात पुढचा प्रश्न आला तो असा, की मग चाकांवर माणसं हवीतच कशाला?

१९४९मध्ये अमेरिकन हवाई दलानं त्याला विमानाच्या पंखांसाठी कंत्राट दिलं. नियंत्रणाचा भाग सोडवायला त्यानं एमआयटीची सर्व्होमेकॅनिझम्स प्रयोगशाळा गाठली आणि हळूहळू प्रकल्प एमआयटीचाच होऊन बसला. १९५२मध्ये सिनसिनाटी कंपनीचं हायड्रो-टेल मिलिंग यंत्र कागदी पट्टीवरच्या भोकांवर चालून दाखवण्यात आलं. नियंत्रणाचं कपाट शेकडो निर्वात नळ्यांचं होतं. पट्टीवरची भोकं हातानं पाडणं जिकिरीचं, म्हणून प्रोग्रॅम लिहायला एपीटी नावाची भाषा केली गेली. १९५९मध्ये तिची घोषणा झाली तेव्हा पत्रकारांना तिच्या मदतीनं कापलेले ॲल्युमिनियमचे ॲश-ट्रे वाटले. विमानाच्या पंखासाठी जन्मलेल्या तंत्राची पहिली प्रसिद्ध वस्तू सिगारेटची राख झाडायची निघाली, हे त्या काळाला शोभण्यासारखंच.

पण त्याच वर्षांत दुसरी एक वाट होती. जनरल इलेक्ट्रिकनं जी पद्धत करून पाहिली तिचं नाव रेकॉर्ड-प्लेबॅक. निष्णात कारागिरानं पहिला जॉब स्वतःच्या हातानं करायचा, त्याच्या हालचाली चुंबकीय टेपवर उतरायच्या आणि मग यंत्रानं त्या जशाच्या तशा पुन्हा करायच्या. या पद्धतीत ज्ञान कारागिराच्या हातातून टेपवर जातं, ऑफिसात बसून प्रोग्रॅम लिहिणारा मधे लागत नाही. डेव्हिड नोबल या इतिहासकारानं १९८४च्या ‘फोर्सेस ऑफ प्रॉडक्शन’ या ग्रंथात मांडणी केली, की ही वाट मागे पडली याचं कारण तांत्रिक कमी, सत्तेचं जास्त. हवाई दलाला आणि व्यवस्थापनाला शॉप फ्लोअरवरचं ज्ञान ऑफिसात आणायचं होतं.

नोबलचं सगळंच पटत नाही. पाच अक्षांवर वळत जाणारा पंखाचा पृष्ठभाग कोणताही कारागीर एकदासुद्धा हातानं नीट कापू शकला नसता. तिथे गणिताशिवाय गत्यंतर नव्हतं. पण पुली आणि फ्लँज काही पंख नव्हेत, आणि प्रोग्रॅमवर चालणारी यंत्रं तिथेही याच रूपात आली. शिवाय रेकॉर्ड-प्लेबॅक मेलंही नाही. आजच्या लहान कोबॉट रोबोचा हात धरून त्याला वाट दाखवतात तेव्हा तीच जुनी कल्पना परत आलेली असते. जनरल इलेक्ट्रिकच्या प्रसिद्धी खात्यात नोकरी करणाऱ्या एका तरुणानं तिथलं आपोआप चालणारं मिलिंग यंत्र पाहिलं आणि पहिली कादंबरी लिहिली. तो कर्ट व्हॉनेगट, कादंबरी ‘प्लेअर पियानो’, आणि प्रकाशनाचं वर्ष तेच, १९५२. तिच्यात एका टर्नरच्या हालचाली टेपवर घेतात आणि मग त्याची गरज उरत नाही.

यंत्र स्वस्त झालं ते मायक्रोप्रोसेसर आल्यावर, आणि त्यात सर्वांत मोठा वाटा जपानचा. सेइउएमोन इनाबा यांनी १९५०च्या दशकात फुजित्सूमध्ये हे काम सुरू केलं. १९७२मध्ये फॅनुक ही वेगळी कंपनी झाली. फुजी पर्वताच्या पायथ्याशी झाडीत तिचे पिवळे कारखाने आहेत आणि तिथे पिवळे रोबो पिवळे रोबो जोडतात. भोसरीतला ऑपरेटर ‘फॅनुक आहे का सीमेन्स?’ असं विचारतो तेव्हा तो यंत्राचं नव्हे, त्याच्या मेंदूचं कूळ विचारत असतो. यंत्राची बॉडी बंगळुरूची असू शकते, तैवानची असू शकते.

महाराष्ट्रात या यंत्राच्या आधीची परंपरा मोठी आहे. लक्ष्मणराव किर्लोस्करांनी १९१०मध्ये किर्लोस्करवाडी वसवली; पुढे हरिहरला याच घराण्याची लेथ बनू लागली. कोल्हापूरच्या फाउंड्र्या, पुण्याचे कारखाने आणि आयटीआयमधून निघालेले टर्नर-फिटर यांवर दोन पिढ्यांचे संसार उभे राहिले. जुना टर्नर बुरादा कोणत्या रंगाचा पडतो ते पाहून टूलची अवस्था सांगत असे. सीएनसी आल्यावर त्याचं काय झालं? काही सेटर झाले, काही मालक, बरेचजण घरी बसले. नव्या ऑपरेटरला म्हणतात ‘बटण दाबणारा’. ही थट्टा अर्धवट खरी आहे.

अर्धवट कशी, ते यंत्रापाशी उभं राहिल्यावर कळतं. समजा पोलादी जॉबमध्ये ८० मिलिमीटरचं बोअर आहे आणि ड्रॉइंगवर एच-७ लिहिलंय. म्हणजे बोअर ८०च्या खाली एक मायक्रॉनही चालणार नाही आणि वर फार तर ३० मायक्रॉन. कार्बाइडचा इन्सर्ट जसा झिजतो तसं बोअर लहान लहान होत जातं. ऑपरेटर दर काही जॉबनंतर बोअर गेज घालतो, काटा पाहतो, ऑफसेटच्या, म्हणजे टूलच्या मापातल्या दुरुस्तीच्या, पानावर जातो आणि त्या टूलच्या एक्ससमोर दहा मायक्रॉन अधिक करतो. ही झाली शिकवलेली गोष्ट. न शिकवलेली अशी: यंत्रातून नुकताच निघालेला जॉब कोमट असतो. पोलाद मीटरमागे एका अंशाला ११-१२ मायक्रॉन फुगतं. जॉब वीस अंशांनी गरम असेल तर ८० मिलिमीटरचं बोअर १८ मायक्रॉननं मोठं दिसेल. तीसपैकी अठरा. आता मापात बसलेला हा जॉब अर्ध्या तासानं ग्राहकाच्या टेबलावर अंडरसाइज निघू शकतो. म्हणून जाणता माणूस गरम जॉबच्या मापावर ऑफसेट देत नाही. सकाळी यंत्र थंड असताना एक ऑफसेट, दुपारी पत्रा तापल्यावर दुसरा, हेही त्याला ठाऊक असतं. दशांश चिन्ह विसरून ‘१०’ दाबलं तर कंट्रोलरच्या सेटिंगप्रमाणे ते दहा मायक्रॉन धरले जातील किंवा दहा मिलिमीटर, हे तर एकदा टूल आदळल्यावर सगळ्यांनाच कळतं.

स्मार्ट तंत्रज्ञानाचा पहिला घाला या ऑफसेटवर आला. रोल्स-रॉईसमध्ये काँकॉर्डच्या ऑलिंपस इंजिनावर काम करताना डेव्हिड मॅकमर्ट्री यांनी स्पर्शानं माप घेणारा प्रोब शोधला. १९७३मध्ये त्यातून रेनिशॉ कंपनी निघाली. माणकाची गोळी जॉबला टेकते, आतल्या तीन टेकूंपैकी एकाचा स्पर्श सुटतो, सर्किट तुटतं आणि त्या क्षणी यंत्र कुठे होतं ते नोंदलं जातं. आता यंत्र स्वतः मोजतं आणि ऑफसेट स्वतः भरतं. मग स्पिंडलचा लोड आला. इन्सर्ट बोथट झाला की मोटरला जास्त जोर लावावा लागतो. ठरवलेली मर्यादा ओलांडली की यंत्र बदली टूल उचलतं किंवा थांबतं. बेअरिंगजवळ चिकटवलेला कंपनाचा सेन्सर स्पिंडल बसायच्या बऱ्याच आधी कुरकुर सांगतो. हे सगळं चांगलं आहे, आणि रात्रपाळीत एकटा माणूस तीन यंत्रं सांभाळत असेल तर जिवाभावाचं आहे.

त्यानंतर यंत्रं बोलू लागली. २००८मध्ये अमेरिकेत एमटीकनेक्ट हे खुलं मानक आलं, ज्यामुळे निरनिराळ्या कंपन्यांच्या यंत्रांची माहिती एकाच भाषेत वाचता येते. २०११मध्ये हॅनोव्हरच्या जत्रेत जर्मनांनी ‘इंडस्ट्री ४.०’ची घोषणा केली आणि सेमिनारवाल्यांना काम मिळालं. जुन्या यंत्राला नेटवर्कचं भोकच नसेल तर डोक्यावरच्या हिरव्या-पिवळ्या-लाल दिव्यांच्या तारांना एक डबी जोडतात. यंत्र चालू की बंद, एवढं तरी कळतं. गाळ्याचा मालक लग्नाच्या पंगतीत बसून मोबाइलवर पाहतो, की दोन नंबरचं यंत्र बावीस मिनिटं पिवळं आहे.

ही सगळी माहिती शेवटी एका आकड्यात उतरवतात, ओईई. यंत्र किती वेळ उपलब्ध होतं, किती वेगानं चाललं आणि किती माल चांगला निघाला, या तिन्हींचा गुणाकार. ९०, ९५ आणि ९९ टक्के यांचा गुणाकार ८५च्या आत येतो, आणि ८५ म्हणजे जागतिक दर्जा असं ही मोजणी रूढ करणाऱ्या सेइइची नाकाजिमा यांच्यापासून सांगत आले आहेत. पहिल्यांदा मोजणाऱ्याला हा गुणाकार बहुधा लाजवतो.

आणि इथे तो नॉब परत येतो. एमटीकनेक्टच्या यादीत फीड ओव्हरराइडसाठी स्वतंत्र नोंद आहे. ऑपरेटरनं काटा सत्तरवर आणला, तर तो किती वाजता आणला आणि किती वेळ ठेवला हे डॅशबोर्डवर उमटतं, वेगाच्या रकान्यात तोटा म्हणून. का आणला ते उमटत नाही. फाउंड्रीतून आलेल्या या हीटच्या कास्टिंगची कातडी कडक आहे, कापताना आवाज बदललाय, शंभरावर ठेवलं तर इन्सर्टचं टोक उडेल, हे त्याच्या कानानं ओळखलेलं असतं. किंवा त्याला जरा निवांत चहा प्यायचा असतो. दोन्हींचा आलेख सारखाच.

नॉब मुका करायची सोय मात्र फार जुनी आहे. प्रोग्रॅममध्ये एम ४९ लिहिलं की ती सोय असलेल्या यंत्रावर ओव्हरराइड चालत नाही. एम ४८ लिहिलं की पुन्हा चालतो. आटे पाडताना तर तो आपोआपच निष्प्रभ होतो, कारण तिथे फेरे आणि फीड यांचं गणित सुटलं तर आटाच बिघडेल. आता अडॅप्टिव्ह नियंत्रण आलं आहे. ते स्पिंडलचा लोड पाहत फीड स्वतःच कमी-जास्त करतं. कडक कातडीचं उत्तर ते ऑपरेटरच्या कानाइतकंच, कधी जास्त चपळाईनं देतं. चहाचं उत्तर त्याच्याकडे नाही.

मला गंमत वाटते ती मालकांची. ऑपरेटरचा नॉब दिसू लागला म्हणून खूश झालेला लघुउद्योजक, मोठ्या ग्राहकानं ‘तुमच्या यंत्रांचा डेटा आम्हालाही लाइव्ह द्या’ म्हटलं की सावध होतो. त्याला ठाऊक असतं, की चार मिनिटांच्या हिशेबानं दर घेतलेला जॉब त्याच्या पोरांनी फिक्श्चर सुधारून सव्वातीन मिनिटांवर आणलाय. ते पाऊण मिनिट त्याची कमाई आहे. पर्चेस खात्याला सायकल टाइम दिसला, की पुढच्या कोटेशनला ती गेलीच समजा. ऑपरेटर जी फट मालकापासून झाकत होता, तीच फट आता मालक ग्राहकापासून झाकू पाहतो. पार्सन्सच्या यादीतला आकडा वाचणारा एक आणि चाक फिरवणारे दुसरे. या रांगेत आपण वाचणाऱ्यांत आहोत अशी मालकाची समजूत होती.

एक जागा अजून वाटाघाटीची आहे. यंत्र थांबलं की शेजारच्या टॅबवर कारणांची यादी उघडते आणि ऑपरेटरनं त्यातलं एक दाबायचं असतं. यादी सॉफ्टवेअरसोबत तयार येते: टूल बदल, सेटिंग, माल नाही, मेंटेनन्स, ऑपरेटर नाही, इतर. ‘गेज दुसऱ्या यंत्रावर होता’ हे तिच्यात नसतं. ‘ड्रॉइंगची जुनी प्रत आली’, ‘क्यूसीवाला जेवायला गेला’, ‘कास्टिंगमध्ये ब्लोहोल’ हेही नसतं. मग बोट ‘इतर’वर जातं, आणि महिनाअखेरीच्या मीटिंगमध्ये सर्वांत उंच खांब ‘इतर’चा दिसतो. ही यादी बदलता येते, सॉफ्टवेअरमध्ये तशी सोय असते, पासवर्ड मालकाकडे असतो. ज्या गाळ्यात ती तिन्ही पाळ्यांच्या ऑपरेटरांना बसवून पुन्हा लिहिली जाते, तिथे पहिल्यांदा जी कारणं वर येतात त्यांतली बरीच ऑफिसच्या नावावर निघतात.