ताडपत्रीला उतार द्या, माल वाचवा

पेण तालुक्यातील डोलवी हे पोलाद कारखान्याचे गाव. कारखान्यामुळे येथे आणि वडखळ नाक्यावर माणसांची सतत ये-जा असते. अशा ठिकाणी चहा, फळे, पोहे-पापड किंवा सुकी मासळी विकून हलाल रोजी कमावणाऱ्या बांधवांचे छप्पर म्हणजे चार बांबू आणि एक ताडपत्री. माल भिजला की दोष ताडपत्रीला दिला जातो. पुष्कळदा चूक असते ती बांधण्यात.

साधा हिशेब पाहा. एक चौरस मीटर जागेवर १ मिलिमीटर पाऊस म्हणजे १ लिटर पाणी. १० बाय १२ फुटांची ताडपत्री सुमारे ११ चौरस मीटर भरते. कोकणात दिवसाला १०० मिलिमीटर पाऊस नवलाचा नाही. म्हणजे तिच्यावर ११०० लिटर पाणी पडते. ते वाहून गेले तर चिंता नाही. पण मध्ये झोळ पडून मीटरभर लांब-रुंद जागेत १० सेंटिमीटर पाणी साचले, तर १०० किलोचे ओझे झाले. ओझ्याने झोळ वाढतो, झोळात आणखी पाणी येते आणि शेवटी बांबूच मोडतो. खाली माल असतो, कधी माणूसही असतो.

म्हणून पुढची व मागची बाजू यांत १० फुटांमागे निदान ३ फुटांचा उतार ठेवावा. पावसाळी वारा पश्चिम-नैऋत्येकडून येतो; शक्यतो पडती बाजू तिकडे करावी. ताडपत्रीखाली उताराच्या दिशेने दोन-तीन बांबू आडवे बांधावेत, म्हणजे झोळ पडत नाही. बांबूची टोके चिंधीने गुंडाळावीत. दोन ताडपत्र्या जोडताना वरची खालचीवर फूटभर चढवावी. कडी तुटली असेल, तर कापडात गुळगुळीत खडा धरून त्याभोवती दोरी आवळावी. नायलॉनची दोरी भिजल्यावर सैल पडते; पहिल्या सरीनंतर ती पुन्हा ताणावी. दोरीवरून पाणी आत येत असल्यास तिला बाहेरच्या बाजूस सुतळीचा तुकडा लोंबता बांधावा. पाणी तेथूनच गळते. विजेच्या तारेखाली किंवा खांबाला मात्र काही बांधू नये.

पागोळ्यांखाली चर खणून पाणी गटाराकडे न्यावे व माल विटांवरील फळ्यांवर ठेवावा. आपले पाणी शेजारच्या मालावर पडणार नाही हेही पाहावे. शेजाऱ्याचा हक्क दीनने शिकवलाच आहे. धंद्यातली बरकतही त्यातच आहे.