यंदा संक्रांत कशावर?

जानेवारीचा पहिला आठवडा उलटला की यवतमाळच्या कापड दुकानांत साडीचा पोत, पदर आणि भाव यांच्याही आधी एक प्रश्न येतो: "औंदा संक्रांत कायवर हाय वो?" 2026 मध्ये उत्तर होतं, पिवळ्यावर. एवढं कळलं की हळदी, लिंबू, आंबा असे सगळे रंग गिऱ्हाईक स्वतःच बाजूला सारतं. वाणासाठी घ्यायच्या बांगड्यांतही पिवळी नको असते. दुकानदार वाद घालत नाही. त्यालाही उत्तर आधीच पाठ असतं.

रंगावरून वर्षाचं भविष्य सांगणाऱ्या या विद्येला मठ नाही, गादी नाही, गुरू नाही. तिचा सगळा कारभार पंचांगातल्या एका परिच्छेदावर चालतो. सूर्य मकर राशीत शिरतो त्या क्षणाला देवीचं रूप देऊन तिचं वर्णन तिथे केलेलं असतं. 2026 ची संक्रांत वाघावर बसून आली, उपवाहन घोडा. अंगावर पिवळं वस्त्र, हातात गदा, कपाळी केशराचा टिळा, वासाला जाईचं फूल आणि खायला पायस. ती जिकडून येते तिकडे सुख आणि जिकडे जाते तिकडे पीडा, असं फळही सोबत येतं. सर्वांत जास्त ऐकला जाणारा नियम मात्र असा, की ती जे जे अंगावर घेते किंवा खाते ते ते महागतं.

ही देवी कुणाच्या स्वप्नात येत नाही, ती तक्त्यातून निघते. तिथीच्या अर्ध्या भागाला करण म्हणतात. करणं 11 आहेत आणि सूर्य मकरेत शिरताना जे चालू असेल त्यावर सगळं ठरतं. बव असेल तर सिंह आणि पांढरं वस्त्र, बालव असेल तर वाघ आणि पिवळं, कौलवाला डुक्कर आणि हिरवं, गराला हत्ती आणि लाल, विष्टीला घोडा आणि काळं. रामदैवज्ञाने काशीत शके 1522 मध्ये, म्हणजे 1600 साली रचलेल्या 'मुहूर्तचिंतामणी'त हा तक्ता अवघ्या काही ओळींत बसवलेला आहे. पंचांगकर्त्याला फक्त वेळ काढायची असते, बाकीचं आपोआप येतं. महिन्याच्या 60 अर्ध्या तिथींपैकी 56 वर सात चर करणं आठ-आठदा फिरतात. उरलेल्या चार स्थिर करणांना अमावास्येच्या आसपास एकेकच जागा मिळते. त्यामुळे चित्रविचित्र वस्त्राची, घोंगडी पांघरलेली, मेघवर्णी, किंवा नागकरणावरची चक्क दिगंबर संक्रांत क्वचितच वाट्याला येते. दिगंबर देवीच्या वर्षी साडीच्या दुकानात काय विचारायचं, हे मात्र तक्ता सांगत नाही.

गेल्या काही वर्षांचा हिशेब लावून पाहावा. 2021 पांढरं. 2022 आणि 2023 पिवळं. 2024 काळं. 2025 आणि 2026 पुन्हा पिवळं. वास्तविक पिवळ्याच्या वाट्याला 60 पैकी आठच घरं, पण फासे असेच पडतात. 2021 ला तर सूर्य मकरेत शिरला तेव्हा बव करण संपत आलं होतं. तासाभराने उशीर झाला असता, तर पांढऱ्या वस्त्रातली सिंहवाहिनी पिवळं नेसून वाघावर आली असती.

आणि ही वेळ तरी सगळ्यांची एक कुठे आहे? राशिचक्राचा आरंभ कुठून धरायचा यावर पंचांगकर्त्यांचे जुने वाद आहेत. दाते पंचांग किंवा 1973 पासून घराघरात टांगलेलं कालनिर्णय यांच्याप्रमाणे संक्रांत 14 किंवा 15 जानेवारीला येते. रेवती नक्षत्रातल्या ताऱ्यापासून मोजणाऱ्या, लोकमान्यांच्या नावाच्या टिळक पंचांगाची संक्रांत मात्र चारेक दिवस आधी, 10 जानेवारीच्या सुमाराला होऊन जाते. चार दिवसांत सात-आठ करणं बदलतात, म्हणून त्या पंचांगातली देवी बहुधा वेगळ्याच वाहनावर, वेगळ्याच रंगात असते. याच जिल्ह्यातल्या वणीला जन्मलेले लोकनायक बापूजी अणे टिळकांचे एवढे निष्ठावंत, की त्यांनी टिळकांचं चरित्र संस्कृत श्लोकांत लिहिलं. तरी यवतमाळची सुगडं 14-15 तारखेलाच पुजली जातात.

उजेडाच्या रंगावरून भाकीत करण्याची खोड आपल्याकडे फार जुनी. पतंजलीच्या महाभाष्यात व्याकरणातली चतुर्थी समजावताना उदाहरण येतं ते विजेचं: तपकिरी वीज वाऱ्याची, गडद तांबडी उन्हाची, पिवळी पिकाची आणि पांढरी दुष्काळाची सूचना. वराहमिहिराने बृहत्संहितेत सूर्याभोवतीचं खळं, संध्याकाळची लाली, इंद्रधनुष्य यांच्या रंगांना फळं वाटून दिली. त्यांना निदान आकाशाकडे पाहावं लागत होतं. संक्रांतीचा रंग कागदावर निघतो.

2024 ची गंमत वेगळी. मराठी माणूस संक्रांतीला मुद्दाम काळं घालतो: चंद्रकळा, काळा झबला, त्यावर हलव्याचे दागिने. थंडीत काळं कापड ऊब धरतं, हे त्याचं सरळ कारण. त्या वर्षी देवीनेच काळं नेसलं आणि घरोघरी पेच पडला, की रीत पाळायची की शकुन? पिवळ्याच्या वर्षी तर पेचाची जाणीवही होत नाही. पिवळी साडी वर्ज्य करून बायका रथसप्तमीपर्यंत एकमेकींना लावत असतात ती हळदच.

खरी गोम त्या 'महाग होतं' मध्ये आहे. हे भाकीत विकत घेणाऱ्याच्या बाजूने लिहिलेलं आहे. धान्य महागलं, कापड महागलं, म्हणजे संकट. यवतमाळ हा पिकवणाऱ्यांचा जिल्हा. इथे कापूस आणि त्यात तुरीच्या ओळी, उमरखेड-महागावकडे हळद. संक्रांतीच्या दिवसांत कापसाच्या गाड्या जिनिंगच्या दारात उभ्या असतात आणि नवी तूर बाजार समितीच्या ओट्यावर पडू लागते. या माणसाच्या कानावर 'पांढरं महागणार' पडलं, तर त्याने घाबरायचं की तीळगूळ वाटायचा?

तपासायला ताजा दाखला आहे. 2025 ला पिवळं वस्त्र होतं. त्या वर्षी सोनं तोळ्याला लाखापार गेलं, आणि मानणाऱ्यांना एवढं पुरेसं होतं. पण तूरही पिवळीच. आदल्या वर्षी, देवी काळ्यावर असताना, क्विंटलला 10,000 च्या वर गेलेली तूर 2025 च्या हंगामात 7,550 रुपयांच्या हमीभावाखाली घसरली. एकाच पिवळ्याने सोनाराला चढवलं आणि शेतकऱ्याला उतरवलं. कोणती पिवळी वस्तू मोजायची हे वर्ष सरल्यावर ठरवता येतं, म्हणून हा शकुन कधी चुकत नाही.

वाघाचंही तसंच. पंचांगातला वाघ चित्रातला. राळेगाव-पांढरकवडा पट्ट्यातल्या लोकांनी खरा वाघ भोगलाय. 'अवनी' वाघीण 2 नोव्हेंबर 2018 च्या रात्री बोराटीच्या जंगलात मारली गेली, तोवर तिथे शेतात एकट्याने जायची सोय नव्हती. त्या जानेवारीत देवी कशावर बसून आली होती, हे कुणी काढून पाहिलं नाही.

पंचांगकर्ते दा. कृ. सोमण दरवर्षी सांगतात, की संक्रांत वाईट नसते, कुठलाही रंग वर्ज्य नाही. ते छापून येतं आणि त्याच आठवड्यात एखादी आवई उठते, की यंदा संक्रांत एकुलत्या एका मुलावर आहे, अमुक इतक्या बांगड्या भरा.

राहिलं ते 2021. देवी पांढऱ्यावर होती. पुढची संक्रांत येईपर्यंत जगभर कापसाचा तुटवडा झाला, देशातलं उत्पादनही घटलं आणि विदर्भात कापूस क्विंटलला 10,000 रुपयांच्या घरात गेला. तक्त्याच्या हिशेबाने भाकीत तंतोतंत खरं ठरलं. गिरणीवाले हळहळले. कापूस घरात धरून ठेवलेल्या शेतकऱ्याला मात्र तेवढा भाव कित्येक वर्षांत मिळाला नव्हता.